‘ताई, तुम्ही उगाच घाबरताय’

‘मराठवाड्याच्या माणसांना थंडी सोसत नाही, म्हणून ते दोघं मधूनच परत गेले.’ आमच्या सहलीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर आयोजकानं हे लिहिलं आणि लगेच मला ग्रुपमधून काढून टाकलं. उत्तर द्यायला जागाच ठेवली नाही. म्हणून ते इथं देते.

थंडी काय असते हे शिरूर अनंतपाळच्या शेतकऱ्याला कोणी शिकवू नये. आमच्याकडं शेतीची लाइट रात्रीची येते. ऐन माघात रात्री दोनला उठून आमचे हे हरभऱ्याचे तुषार बदलतात, अंगावर पाणी उडत असतं आणि वरून वारं. ह्यांना थंडी बाधलीच नाही. बाधली ती उंची. आणि उंचीवर जे वेळापत्रक पाळावं लागतं, ते आयोजकानं स्वतःच्या सोयीसाठी मोडलं.

घरणी धरणाच्या काठावर दुर्बीण घेऊन बसता बसता आम्हा दोघांना पक्ष्यांचा नाद लागला. पट्टकादंब हंस उन्हाळ्यात लडाखच्या त्सो कार, त्सो मोरिरी तळ्यांवर वीण करतात आणि हिवाळ्यात पार जायकवाडीपर्यंत उतरतात. ते जिथून येतात तो मुलूख पाहायचा, आणि जमलं तर हिमबिबट्याही, असं ठरलं होतं. हिमबिबट्यासाठी लडाखच्या हेमिस राष्ट्रीय उद्यानासारखी जागा नाही. ते १९८१ चं. २०१९ ते २०२३ या काळात देशात हिमबिबट्यांची पहिली शास्त्रशुद्ध मोजणी झाली, त्यात ७१८ चा अंदाज निघाला आणि त्यातले ४७७ एकट्या लडाखमध्ये. जानेवारी ते मार्च हा बघण्याचा काळ, कारण भरल, म्हणजे तिथल्या रानमेंढ्या, खाली उतरतात आणि त्यांच्यामागं तोही.

आयोजक एका मोठ्या शहरातला. नाव लिहीत नाही, कारण प्रकरण आता ग्राहक आयोगापुढं आहे. त्याच्या माहितीपत्रकावर गुडघाभर बर्फातून स्नोशू घालून चालणारी रांग छापली होती. स्नोशू म्हणजे पायाला बांधायची पसरट जाळी, भुसभुशीत बर्फात पाय रुतू नये म्हणून. तो फोटो लडाखचा नव्हताच. लडाख हे थंड वाळवंट आहे, लेहला वर्षभरात पाऊस आणि बर्फ मिळून शंभर मिलिमीटरच्या आसपास पडतं. आमच्या लातूरवर दुष्काळी म्हणून शिक्का आहे, पण इथं त्याच्या कितीतरी पट पडतं. खोल बर्फ हवा असेल तर गुलमर्गला जावं. हेमिसच्या दऱ्यांत तुम्ही चालता ते गोठलेल्या नाल्यावरून, काचेसारख्या कडक बर्फावरून. तिथं बुटाला लावायचे लोखंडी दात लागतात, मायक्रोस्पाइक्स म्हणतात ते. आम्हाला ते दिलेच नाहीत. उलट स्नोशूच्या दोन जोड्या फोटोसाठी सोबत घेतल्या होत्या. एके ठिकाणी सावलीत साठलेल्या बर्फावर सगळ्यांना आळीपाळीनं उभं करून फोटो काढले आणि त्या परत गाडीत टाकल्या. कोणी स्नोशू दाखवून हेमिस विकत असेल तर तो माणूस तिथं हिवाळ्यात राहिलेला नाही, असं खुशाल समजा.

आता मुख्य गोष्ट. पैसे भरण्याआधी मी व्हॉट्सअ‍ॅपवर विचारलं होतं, लेहमध्ये विश्रांती किती? उत्तर आलं, ‘दोन पूर्ण दिवस, १०० टक्के, काळजी करू नका ताई.’ तो मेसेज मी जपून ठेवलाय. दिल्लीत धुक्यानं विमान रद्द झालं आणि आम्ही लेहला एक दिवस उशिरा उतरलो. हिवाळ्यात हे नेहमीचं. लेहची विमानं सकाळीच उतरतात, दुपारून वारं सुटतं. म्हणजे एक दिवस हातचा ठेवणं आयोजकाचं काम. त्यानं काय केलं? शेवटचा दिवस कापायचा सोडून विश्रांतीचा दिवस कापला, कारण हेमिसमधल्या रुंबाक गावात, मुक्कामाच्या घरांत, आमच्या मागोमाग त्याचाच दुसरा ग्रुप येणार होता.

लातूरचा भाग समुद्रसपाटीपासून सहाशे-साडेसहाशे मीटरवर. लेह साडेतीन हजारांवर. रुंबाक चार हजारांच्या जवळ. लेहलाच हवेतला प्राणवायू समुद्रकाठच्या दोन तृतीयांशावर येतो. विमानानं थेट तिथं उतरल्यावर किमान ४८ तास काहीही न करता पडून राहावं, हे लडाखमध्ये हॉटेलचा पोऱ्यासुद्धा सांगतो. तीन हजारांच्या वर रोजचा झोपायचा मुक्काम आदल्या रात्रीपेक्षा साधारण पाचशे मीटरहून जास्त चढवायचा नसतो. अंगातला दणकटपणा इथं कामाला येत नाही. पैलवान पडतो आणि म्हातारी आजी चालत जाते. ज्यांनी आम्हाला नाजूक ठरवलं त्यांनी हे एकदा एखाद्या डॉक्टरला विचारून यावं.

झिंगचेनपासून नाल्याकाठानं चालत आम्ही रुंबाकला पोचलो. गाव देखणं आहे, माणसं त्याहून. २००२ च्या सुमारास इथं घरगुती मुक्कामाची पद्धत सुरू झाली, त्याआधी हिमबिबट्या म्हणजे गोठ्यात शिरून एका रात्रीत मेंढ्या फाडणारा वैरी. आता पाहुणे त्याच्यामुळं येतात आणि गोठ्यांना वरून जाळी लागली. आम्ही उतरलो त्या घरच्या आमा-लेंनी, म्हणजे आईंनी, ह्यांचा चेहरा पाहिला आणि त्यांच्या पुढ्यातला चहा न विचारता बदलून साधं गरम पाणी ठेवलं. पहिली शंका त्यांना आली, आयोजकाला नाही.

ह्यांचं डोकं दुपारपासून दुखत होतं. जेवण नको म्हणाले. मी आयोजकाला सांगितलं तर म्हणाला, बुखारीचा, म्हणजे खोलीतल्या शेगडीचा, धूर आहे. मी ह्यांना अर्धा तास बाहेर बसवलं, दुखणं तसंच. धुराचं दुखणं सहसा मोकळ्या हवेत उतरू लागतं. बंद खोलीत शेगडी किंवा गॅसचा हीटर लावून कधीच झोपू नका, तो धोका खरा आहे. पण आमचं प्रकरण ते नव्हतं.

रात्री शौचाला जायचं म्हणून हे बूट घालायला बसले. मी कंदिलासारखा दिवा धरून उभी. डाव्या बुटाची नाडी त्यांनी उजव्या बुटाच्या हुकात अडकवली, ओढली, आणि दोन्ही पायांकडं बघत बसले. सोडवेनात. चिडलेही नाहीत. ज्या माणसाकडं अर्धं गाव उसाचा हिशोब तोंडी करून घ्यायला येतं, तो माणूस नाडीकडं बघत बसला होता. मी विचारलं, ‘आज वार कोणता?’ बराच वेळ थांबून म्हणाले, ‘अगं, बाजाराचा.’ माझ्या पोटात गोळा आला. जमिनीवर फळीची एक सरळ फट होती. तिच्यावरून टाचेला चवडा लावून चालायला लावलं. तिसऱ्या पावलाला भिंतीवर गेले.

ही तपासणी प्रत्येकानं पाठ करून जावी. डोकेदुखी, मळमळ, झोप न लागणं हे उंचीचं साधं दुखणं, तिथंच थांबावं, वर जाऊ नये. तोल जाणं आणि बोलण्यात गोंधळ म्हणजे मेंदूला सूज. नुसतं बसलेलं असताना धाप म्हणजे फुप्फुसात पाणी. या दोन्हींवर पहिलं औषध खाली उतरणं, तेही सकाळची वाट न पाहता.

मी कोरोनातला ऑक्सिमीटर नेला होता. बोट गार असेल तर तो खोटा आकडा दाखवतो. म्हणून ह्यांचं बोट आधी माझ्या काखेत गरम केलं आणि मग लावला. ६१. आयोजकाला उठवलं, दाखवलं. तो म्हणाला, ‘ते मशीन आधी बंद करा. त्यानंच माणूस घाबरतो. ताई, तुम्ही उगाच घाबरताय, लसणाची पाकळी चघळायला द्या, सकाळी ठणठणीत होतील.’ मी प्राणवायूचं सिलिंडर मागितलं. सिलिंडर होतं, मोठ्या दिमाखात सगळ्यांना दाखवलेलं. ते उघडायची चावी लेहच्या हॉटेलात राहिली होती. हे कळल्यावरही तो माणूस शरमला नाही. वर मला म्हणतो, ‘उद्या पहाटे दिसायचा पक्का चान्स आहे, एका माणसासाठी सगळ्यांचा मूड घालवू नका.’ आमच्याच ग्रुपमधले दोघे जण पांघरुणातून ऐकत होते. एकही उठला नाही. मला ती शांतता आयोजकापेक्षा जास्त लागली.

उठला तो आमचा लडाखी गाइड. त्यानं ह्यांच्या डोळ्यांसमोर बोट हलवलं, आयोजकाकडं वळून म्हणाला, ‘सर, इनको अभी नीचे ले जाना है.’ आयोजक म्हणाला, ‘तू बीच में मत बोल.’ तो पुढं काही बोलला नाही. बाहेर गेला, गावातून घोडा आणला, दोन पोरं बोलावली. एक पोरगा ड्रायव्हरला उठवायला पुढं पळाला. ह्यांना घोड्यावर बसवून दोन्ही बाजूंनी धरून आम्ही नाल्यानं उतरलो. बर्फावर माझा पाय सारखा सटकत होता, बुटाला दात नव्हते ना. झिंगचेनला पोचेपर्यंत हे मला नावानं हाक मारू लागले होते. लेहच्या सरकारी दवाखान्यात प्राणवायू लावला, इंजेक्शनं दिली. डॉक्टर एवढंच म्हणाले, ‘सुबह तक रुकते तो मुश्किल था.’

दुसऱ्या दिवशी बाकीच्यांना हिमबिबट्या दिसला. फोटो आला, खाली आयोजकाचं नाव. शोधला होता त्याच गाइडनं, रात्रभर आमच्याबरोबर जागून परत वर जाऊन. भरल एका दिशेला मान करून दगडासारखे थिजले की तिकडं दुर्बीण लावायची, हे तो आम्हाला पहिल्या दिवशी शिकवत होता. जनावर अर्धा-एक किलोमीटर लांब, खडकाच्याच रंगाचं. म्हणून जाण्याआधी आयोजकाचं नव्हे, स्थानिक गाइडचं नाव विचारा, त्याच्याशी फोनवर बोला. मोठी दुर्बीण किती माणसांत एक आहे तेही विचारा. आणि कुठं थांबायचं, कधी उतरायचं हा शब्द त्याचा राहील, असं आयोजकाकडून लिहून घ्या.

आणखी काही. सिलिंडर लेहमध्येच तुमच्यासमोर उघडून दाखवायला लावा, चावी आणि मास्क आपल्या पिशवीत ठेवा. डायमॉक्सची गोळी सोबतच्या प्रवाशाकडून मागून घेऊ नका, घरच्या डॉक्टरला विचारून घ्या, सल्फाची अ‍ॅलर्जी असेल तर आवर्जून सांगा. आपल्याकडचं प्रीपेड सिम लडाखमध्ये चालत नाही, पोस्टपेड न्या. विमा काढताना उंचीवरचा आजार आणि खाली आणण्याचा खर्च त्यात आहे का ते वाचा. गरम कपडे थरांत घाला, पाणी पीत राहा, हे सगळेच सांगतात.

पैशांचं शेवटी. आयोजकानं एक रुपया परत दिला नाही. घोड्याचे पैसेही आम्हीच दिले, गाइडनं घ्यायला नकार दिला तरी. पावतीच्या मागं बारीक अक्षरात छापलंय, ‘वाद त्या शहराच्या न्यायकक्षेत.’ त्याला बिचकू नका. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानं ग्राहकाला आपण राहतो तिथल्या जिल्हा आयोगात तक्रार करता येते. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही, मुदत दोन वर्षांची. मी लातूरला तक्रार दिली. सोबत तो ‘१०० टक्के’वाला मेसेज, ऑक्सिमीटरच्या आकड्याचा फोटो आणि दवाखान्याचा कागद जोडलाय. नोटीस गेल्यापासून आयोजकाचे रोज फोन येतात, आता ‘ताई’च्या जागी ‘मॅडम’ आलंय, आपसात मिटवू म्हणतो. मी त्याला तारीख आणि आयोगाचा पत्ता पाठवला आहे.