'श्राइव्ह' : पापनिवेदनाचा एक जुना इंग्रजी शब्द



इंग्रजी वर्तमानपत्र वाचणाऱ्यांना 'शॉर्ट श्रिफ्ट' हे दोन शब्द अधूनमधून भेटतात. एखाद्या मंत्र्याने शिष्टमंडळाचे म्हणणे धड ऐकूनही घेतले नाही, दोन मिनिटांत वाटेला लावले, की बातमीदार लिहितो, त्यांना 'शॉर्ट श्रिफ्ट' मिळाली. 'शॉर्ट' म्हणजे थोडे हे शाळेतले पोरही सांगेल. पण 'श्रिफ्ट' म्हणजे काय हे विचारले तर इंग्रजी माध्यमात शिकलेली आपली मुलेही गप्प होतात. त्यांचा दोष नाही. तो शब्द आज एकटा कुठे वापरलाच जात नाही. मात्र एके काळी तो प्रत्येक इंग्रज ख्रिस्ती माणसाच्या तोंडी होता आणि त्याचा अर्थ आपल्या प्रायश्चित्त संस्काराशी निगडित आहे. उपवासकाळाच्या निमित्ताने या शब्दाची ओळख करून घेऊ.

'श्रिफ्ट' हे नाम आहे. त्याचे क्रियापद 'श्राइव्ह'. 'ड्राइव्ह, ड्रोव्ह, ड्रिव्हन' हे आपण शाळेत घोकले आहे, त्याच चालीवर 'श्राइव्ह, श्रोव्ह, श्रिव्हन'. धर्मगुरू 'श्राइव्ह' करतात म्हणजे पापनिवेदन ऐकतात, प्रायश्चित्त नेमून देतात आणि पापक्षमा देतात. ही तिन्ही कामे त्या एका क्रियापदात येतात. ज्याला क्षमा मिळाली तो 'श्रिव्हन', जो तिच्याविना मेला तो 'अनश्रिव्हन'. 'श्रिफ्ट' शब्दाचाही पसारा असाच मोठा. पापनिवेदन म्हणजे श्रिफ्ट, नेमून दिलेले प्रायश्चित्त म्हणजे श्रिफ्ट, मिळालेली क्षमा म्हणजेही श्रिफ्ट. फार जुन्या इंग्रजीत तर पापनिवेदन ऐकणाऱ्या धर्मगुरूलाच 'स्क्रिफ्ट' म्हणत.

आता या शब्दाचे मूळ पाहा, कारण खरी गंमत तिथेच आहे. लॅटिनमध्ये 'स्क्रिबेरे' म्हणजे लिहिणे. हा शब्द ख्रिस्ती धर्माबरोबर आणि लेखणीबरोबर उत्तर युरोपात गेला. जर्मन लोकांनी त्याचा 'श्रायबेन' केला आणि अर्थ 'लिहिणे' असाच ठेवला. इंग्रजांकडे लिहिण्यासाठी स्वतःचा 'राइट' हा शब्द होता, म्हणून त्यांनी हा पाहुणा शब्द दुसऱ्या कामाला लावला. लिहून देणे, ठरवून देणे, नेमून देणे असा त्याचा अर्थ झाला आणि पुढे तो धर्मगुरूने प्रायश्चित्त नेमून देण्यापुरता उरला. डॉक्टर आपल्याला जे 'प्रिस्क्रिप्शन' लिहून देतात तो शब्दही याच 'स्क्रिबेरे'चा वंशज. म्हणजे औषधाची चिठ्ठी आणि 'श्रिफ्ट' ही एकाच कुळातली भावंडे.

आपल्या भाषेशी तुलना केली तर आणखी एक गोष्ट ध्यानात येते. मराठीत आपण 'पापनिवेदन' म्हणतो. गोव्यात कोकणीत 'कुमसार' म्हणतात, तो पोर्तुगीज 'कॉन्फेसार'वरून आला. हे दोन्ही शब्द आपल्या बाजूने बोलतात. मी काय सांगितले, मी काय कबूल केले, यावर त्यांचा भर. जुना इंग्रजी शब्द पलीकडच्या बाजूने बोलतो. मला ऐकून घेऊन धर्मगुरूंनी काय दिले, यावर त्याचा भर. संस्कार एकच, पण एक शब्द रोग्याच्या तोंडचा आणि दुसरा वैद्याच्या हातचा. आम्हाला वाटते, आपल्या शब्दात जे थोडे मागे पडते ते या परक्या शब्दाने पुढे आणले आहे.

इंग्रजांच्या भाषेत हा शब्द असा का रुजला, यालाही इतिहास आहे. ख्रिस्तसभेच्या पहिल्या काही शतकांत गंभीर पापांचे प्रायश्चित्त जाहीरपणे करावे लागे आणि तेही सहसा आयुष्यात एकदाच. सहाव्या शतकापासून आयर्लंडच्या मठवासीयांनी दुसरी रीत रूढ केली. खासगीत पाप सांगायचे, प्रायश्चित्त घ्यायचे, आणि पुन्हा पडलो तर पुन्हा यायचे. त्यासाठी त्यांनी धर्मगुरूंच्या हाताशी पुस्तके तयार केली. कोणत्या पापाला किती दिवस भाकर-पाण्यावर उपवास, कोणत्याला किती वर्षे, असे त्यांत लिहिलेले असे. आज ते वाचताना अंगावर काटा येतो. पण त्यांत एक शहाणे सूत्रही होते : जसा दोष तसा त्याच्या उलट उपाय. लोभी माणसाने दान करावे, आळशाने कष्ट करावेत, बडबड्याने मौन पाळावे. इंग्लंडमध्ये अशा एका प्रसिद्ध पुस्तकावर संत थिओडोर यांचे नाव आहे. ते ६६८ ते ६९० पर्यंत कँटरबरीचे महागुरू होते आणि मूळचे तार्ससचे, म्हणजे संत पौलाच्या गावचे. पापनिवेदन ऐकणारा धर्मगुरू पुस्तकात पाहून उपाय नेमून देतो, हे लोक डोळ्यांनी पाहत होते. त्यांनी त्या कृतीला 'लिहून देणे' म्हटले यात नवल ते काय!

पुढे १२१५ साली चौथ्या लॅटरन परिषदेने जाणत्या वयाच्या प्रत्येक ख्रिस्ती व्यक्तीने वर्षातून निदान एकदा पापनिवेदन करावे असा नियम केला. 'वर्षातून एकदा' एवढेच आपल्या लक्षात राहिले आहे. त्याच कलमात धर्मगुरूंनाही बजावले आहे : त्यांनी कुशल वैद्याप्रमाणे जखमांवर द्राक्षारस व तेल ओतावे, पाप्याची परिस्थिती नीट विचारून घ्यावी आणि मगच कोणता उपाय योजायचा ते ठरवावे. चांगल्या शोमरोनीची आठवण करून देणारी ही भाषा आहे.

इंग्लंडात या वार्षिक पापनिवेदनाचा काळ म्हणजे उपवासकाळापूर्वीचे दिवस. राखेच्या बुधवारच्या आदल्या दिवसाला इंग्रजी कॅलेंडरात आजही 'श्रोव्ह ट्यूजडे' म्हणतात. अर्थ एवढाच, की क्षमा मिळवण्याचा मंगळवार. त्या दिवशी चर्चची घंटा वाजे आणि लोक पापनिवेदनाला जात. उपवासकाळात अंडी, दूध, लोणी वर्ज्य असल्याने घरात उरलेले संपवायला त्याच दिवशी पॅनकेक करत. (आपल्या धिरड्याचा हा लांबचा भाऊ, फक्त मैद्याचा.) हळूहळू पॅनकेक पुढे गेले आणि पापनिवेदन मागे राहिले, इतके की त्या घंटेलाच लोक 'पॅनकेक बेल' म्हणू लागले! ओल्नी नावाच्या गावात या दिवशी बायका तवा हातात घेऊन बाजारापासून चर्चपर्यंत शर्यत धावतात. परंपरा १४४५ सालापासूनची सांगतात : एक गृहिणी पॅनकेक भाजत होती, घंटा ऐकू आली आणि ती तव्यासकट पळत सुटली. कथा खरी असो वा नसो, शर्यतीनंतर तिथे चर्चमध्ये उपासना होते आणि तिला 'श्रायव्हिंग सर्व्हिस' असेच नाव आहे.

'शॉर्ट श्रिफ्ट'ची कथा मात्र अशी हसरी नाही. हा प्रयोग प्रसिद्ध झाला शेक्सपिअरच्या 'रिचर्ड तिसरा' या नाटकामुळे. लॉर्ड हेस्टिंग्जला तडकाफडकी मृत्युदंड सुनावला जातो. ड्यूकची जेवणाची वेळ झाली आहे आणि जेवायला बसण्यापूर्वी त्याला हेस्टिंग्जचे शीर पाहायचे आहे, म्हणून सरदार घाई करतो : पापनिवेदन थोडक्यात आटप. मरणाऱ्याच्या आत्म्यापेक्षा मारणाऱ्याचे जेवण महत्त्वाचे! 'शॉर्ट श्रिफ्ट' म्हणजे वधस्तंभापाशी दिलेली दोन मिनिटे. आज बातमीदार तो शब्द वापरतात तेव्हा हे चित्र कुणाच्या मनात नसते.

शेक्सपिअरच्या इतर नाटकांतही हा शब्द येतो. ज्युलिएट 'श्रिफ्ट'ला जाते असे घरी सांगून निघते आणि फ्रायर लॉरेन्सच्या खोलीत तिचे रोमिओशी लग्न लागते. हॅम्लेटच्या वडिलांचे भूत ज्या गोष्टीसाठी तळमळते ती खुनापेक्षा वेगळी आहे : ख्रिस्तप्रसाद नाही, तयारी नाही, तैलाभ्यंग नाही, असे आपल्याला मरण आले. तेच दुःख ऐकलेला हॅम्लेट पुढे आपल्या दोन सोबत्यांच्या वधाचे बनावट पत्र लिहितो तेव्हा मुद्दाम घालतो, की त्यांना 'श्रायव्हिंग'लाही वेळ देऊ नये. शरीर मारून त्याचे समाधान होत नाही. त्या काळच्या प्रेक्षकांना यातली क्रूरता समजावून सांगावी लागत नसे.

परंतु तेव्हाच या शब्दाचे दिवस भरत आले होते. सोळाव्या शतकात इंग्लंड रोमपासून वेगळे झाले, सक्तीचे खासगी पापनिवेदन बंद झाले आणि शब्दाचे रोजचे काम संपले. १५८५ च्या कायद्याने परदेशात दीक्षा घेतलेल्या कॅथोलिक धर्मगुरूने इंग्लंडात पाऊल ठेवणे हा राजद्रोह ठरला. धर्मगुरूंना आसरा दिला म्हणून यॉर्क गावच्या संत मार्गारेट क्लिदरो या संसारी बाईला १५८६ मध्ये वजनाखाली चिरडून मारले. ज्यांनी तिथे कुणाच्या तरी माळ्यावर लपून 'श्रिफ्ट' घेतली त्यांना तिची किंमत ठाऊक होती. आपले 'ख्रिस्तपुराण'कार फादर थॉमस स्टीफन्स याच इंग्लंडचे. तिकडे येशूसंघात प्रवेश घेणे शक्य नव्हते म्हणून ते रोमला गेले आणि १५७९ साली गोव्यात उतरले. इंग्रजीतला हा शब्द मावळत असताना त्या भाषेत वाढलेला हा धर्मगुरू मराठी शिकत होता, हे ध्यानात घेण्यासारखे आहे.

असो. शब्द जुना झाला, तरी त्यात जे आहे ते आपल्या संस्कारात शाबूत आहे. १९७३ साली प्रसिद्ध झालेला प्रायश्चित्त संस्काराचा नवा विधी सांगतो, की धर्मगुरूंनी दिलेले प्रायश्चित्त हे केवळ झालेल्या पापाची भरपाई नसून पुढच्या आयुष्यासाठी औषध व्हावे आणि म्हणून ते ज्याच्या त्याच्या पापाला साजेसे असावे. ख्रिस्तसभेच्या कायद्याचे ९८१ वे कलमही तेच म्हणते आणि जोडीला सांगते, की ते प्रायश्चित्त पापनिवेदन करणाऱ्याने स्वतः पूर्ण करायचे आहे.

आता आपल्याकडचे पाहू. वर्षभर कधीही यावे, तर आपण पवित्र आठवड्यातली शेवटची संध्याकाळ गाठतो. रांग दारापर्यंत जाते. मागचा माणूस घड्याळ पाहतो, म्हणून पुढचा माणूस गेल्या वर्षीचीच यादी एका दमात म्हणून टाकतो. फादर तरी एवढ्या वेळात काय विचारणार नि काय नेमून देणार? ते तीन 'नमो मरिया' सांगतात आणि आपण त्या बाकावर जाऊन घाईत म्हणतो, कधी तर घरी जाईपर्यंत विसरतो. भावाशी बांधावरून दहा वर्षे अबोला आहे, हे त्या यादीत येत नाही. सांगायला वेळ लागतो, आणि सांगितले तर फादर कदाचित भावाच्या घरी जायला सांगतील याची धास्तीही असते. पोट दुखत असताना डॉक्टरला 'थोडी सर्दी आहे' सांगून गोळी घेऊन येण्यासारखे हे आहे. हेस्टिंग्जला घाई दुसऱ्याने केली होती. आपण आपली आपणच करतो.

याहून वाईट घाई, खरे तर दिरंगाई, आजाऱ्याच्या बाबतीत होते. फादर घरी आले म्हणजे माणूस जाणार, हा समज अजून आपल्या घरांतून गेलेला नाही. म्हातारी आई महिनाभर अंथरुणावर असते, शुद्धीत असते, बोलते. तरी 'तिला भीती वाटेल' म्हणून आपण फादरांना सांगत नाही. तिची वाचा गेली की मग रात्री अकरा वाजता धावपळ. फादर येतात, तैलाभ्यंग करतात, त्या संस्काराची कृपा तिला लाभते. पण तिला जे सांगायचे होते ते तिच्याजवळच राहते. आजाऱ्यांचा संस्कार हा फक्त शेवटच्या घटकेचा संस्कार नव्हे. गंभीर आजार किंवा म्हातारपण यांमुळे धोका दिसू लागला की तो घेता येतो, मोठ्या शस्त्रक्रियेपूर्वी घेता येतो, आणि दुखणे वाढले तर पुन्हाही घेता येतो.

तेव्हा घरी आजारी माणूस असेल तर तो बोलता आहे तोवर धर्मग्रामाच्या कार्यालयात कळवावे. खाटेजवळ लहान मेज, त्यावर स्वच्छ पांढरे कापड, क्रूस व मेणबत्ती ठेवावी. टीव्ही बंद करावा. फादर पापनिवेदन ऐकत असताना घरच्यांनी खोलीबाहेर थांबावे आणि कितीही वेळ लागला तरी दार वाजवू नये.