घरावर बँकेचा ताबा : दाद कुठे मागायची?

प्रश्न : गृहकर्जाचे हप्ते थकल्याने बँकेने दारावर ताब्याची नोटीस चिकटवली आहे. उच्च न्यायालयातून स्थगिती मिळेल का?

उत्तर : थेट उच्च न्यायालयात जाऊ नका. बँक ज्याखाली असा ताबा घेते, त्या सरफेसी कायदा, 2002 मध्येच स्वतंत्र दाद आहे आणि ती सोडून आलेल्या कर्जदाराला रिट याचिकेत सहसा दिलासा मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2010 मध्येच तसे बजावले आहे.

तुमची जागा कर्जवसुली न्यायाधिकरण, म्हणजे डीआरटी. ताब्याच्या कारवाईपासून 45 दिवसांत कलम 17 खाली अर्ज करा. आधी कागद तपासा : 60 दिवसांची मागणी नोटीस रीतसर मिळाली होती का? तुम्ही लेखी हरकत घेतली असेल, तर बँकेने 15 दिवसांत सकारण उत्तर दिले का? अनेक प्रकरणे इथेच उभी राहतात. स्थगिती मात्र फुकट मिळत नाही, थकबाकीतली काही रक्कम भरायची तयारी दाखवावी लागते.

एक गोष्ट कळकळीने सांगतो. पूर्ण येणे भरून घर सोडवण्याचा हक्क लिलावाची जाहीर नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच असतो, म्हणून वकील आजच गाठा.