दोन डावे पाय

टू एमबी लिंक जोडण्यात आणि बसलेल्या लिंक पुन्हा उभ्या करण्यात माझी अख्खी नोकरी गेली. त्यातून हाती लागलेलं थोडंसं.

१. लूप म्हणजे स्वतःशीच गप्पा
एका बँकेची डेटा लाइन जोडली. पलीकडच्याला डीडीएफवर (तारा जोडायच्या फ्रेमवर) लूप टाकायला सांगितलं, इकडे टेस्टर लावला. अर्धा तास एकही एरर नाही. सही केली, घरी आलो. दुसऱ्या दिवशी फोन: लाइन वर दिसतेय, पण फाइल जात नाही. पुन्हा लूप, पुन्हा सगळं हिरवंगार. तिसऱ्या खेपेला पलीकडचं कार्ड बाहेर काढायला लावलं, तर त्याचा जंपर एएमआयवर! माझी बाजू एचडीबी३. तारेवरचे दोन वेगळे कोड. लूपमध्ये माझंच बोलणं माझ्या कानावर येत होतं. पलीकडच्या कार्डापर्यंत ते पोचतच नव्हतं, मग त्याला कळतंय का हे कसं समजणार?

२. तारेवर आकडे जात नाहीत, पल्स जातात
एएमआयमध्ये शून्याला काही नाही आणि एकाला पल्स, एकदा वर, एकदा खाली. चालताना डावा-उजवा पाय पडावा तसं. त्यामुळे व्होल्टेजची सरासरी शून्य राहते आणि सिग्नल टोकाच्या ट्रान्सफॉर्मरमधून सुखरूप पार होतो. पण शून्यांची रांग लागली की तार गप्प. घेणाऱ्याचं घड्याळ याच पल्सवर चालतं. त्या थांबल्या की त्याचं मोजमाप हुकतं.

एचडीबी३ची युक्ती अशी, की लागोपाठ चार शून्यं आली की मुद्दाम लंगडायचं. डाव्यानंतर पुन्हा डावाच. जाणकार रिसीव्हर तिथे चार शून्यं लिहून घेतो. एएमआयवाला बिचारा प्रत्येक पल्स खरी धरतो, म्हणून बँकेच्या ०००० चं त्याच्याकडे कधी ०००१ होत होतं, कधी १००१. आणि फाइल नसताना लाइनवर नुसते ०११११११० फिरत असतात. त्यात चार शून्यं कधी येतच नाहीत. म्हणून ‘लाइन वर आहे’ हे बँकेचं म्हणणंही खरंच होतं.

३. आवाज ऐकू आला म्हणून लाइन पास करू नये
फोनवरचा आवाज ज्या ए-लॉ पद्धतीनं आकड्यांत बदलतात, तिच्यात दर एक सोडून एक बिट उलटवतात. त्यामुळे समोरचा गप्प असला तरी तारेवर ११०१०१०१ सारखं काहीतरी जातं, एकांनी भरलेलं, म्हणून जंपर चुकीचा असला तरी आवाज ऐकू येतो. ज्यांनी हे ठरवलं त्यांना माणसं फोनवर किती वेळ गप्प असतात हे चांगलं ठाऊक असणार. डेटाचे असले लाड करणारं कोणी नाही.

४. कागदावर काय लिहिलंय ते राहू दे, स्कोप लाव
७५ ओहमच्या कोॲक्सवर पल्स २.३७ व्होल्टची, रुंदी २४४ नॅनोसेकंद, म्हणजे ४८८ च्या बिटाची निम्मी. पलीकडच्या कार्डातून नुसती शून्यं सोडायला सांगायची. एचडीबी३ असेल तर दोन वर, दोन खाली, दोन वर अशी जोड्यांची रांग दिसते. एएमआय असेल तर सपाट रेघ. पाच मिनिटांचं काम. मी त्यासाठी तीन फेऱ्या मारल्या.

५. मँचेस्टरमध्ये १ कुठला, ते आधी विचारावं
या कोडमध्ये प्रत्येक बिटाच्या मधोमध उडी असते. इथरनेटच्या ८०२.३ मध्ये खालून वर म्हणजे १. थॉमसच्या नावानं ओळखल्या जाणाऱ्या दुसऱ्या पद्धतीत नेमकं उलट. भाची कॉलेजच्या प्रोजेक्टसाठी टीव्हीच्या रिमोटचा मँचेस्टर कोड वाचत होती आणि तिचे सगळे बिट उलटे येत होते. रिसीव्हरची चिप सिग्नल उलटा करून देते, हे तिच्या लक्षात नव्हतं. (मामालाही डेटाशीट चाळल्यावरच आठवलं.) तिनं एक ओळ बदलली, दोनचं बटण दाबलं आणि पडद्यावर २ उमटला.