शेतजमिनीची मालकी आणि गावाचे हित

वाशिम जिल्ह्याच्या मंगरूळपीर तालुक्यातील शेलूबाजार परिसरातून समृद्धी महामार्ग गेला आहे. त्याचा नागपूर ते शिर्डी हा पहिला टप्पा ११ डिसेंबर २०२२ रोजी, तर ७०१ किलोमीटरचा संपूर्ण मार्ग ५ जून २०२५ रोजी वाहतुकीस खुला झाला. रस्त्यापाठोपाठ जमिनीला बाहेरचे गिऱ्हाईक येते. तेव्हा परदेशस्थ व्यक्ती आपली शेती घेऊ शकते काय, हा प्रश्न ग्रामसभेत निघणे साहजिक आहे.

कायद्याची तरतूद

विदेशी चलन व्यवस्थापन कायदा, १९९९ खालील २०१९ च्या नियमांनुसार अनिवासी भारतीयास शेतजमीन खरेदीने वा बक्षीसपत्राने घेता येत नाही. वारसाहक्काने मात्र मिळते. विदर्भाच्या कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९५८ मधील कलम ८९ शेतकरी नसलेल्यास परवानगीवाचून होणारे हस्तांतरण रोखते. याच अधिनियमाने १ एप्रिल १९६१ पासून कुळांना मालकी दिली. कसणाऱ्याच्या हाती जमीन राहावी, हेच त्यामागील सूत्र होय.

असे निर्बंध नसल्यास काय घडते, याचे उदाहरण मादागास्करचे आहे. तेथे २००८ मध्ये एका कोरियन कंपनीस सुमारे १३ लाख हेक्टर जमीन ९९ वर्षांच्या पट्ट्याने देण्याचे ठरत होते. त्यातून लोकक्षोभ वाढला. २००९ मध्ये सत्तांतर झाले आणि तो बेत रद्द झाला.

दूरस्थ मालक

आपल्याकडील खरी अडचण वेगळी आहे. वारसाने मालक झालेला मनुष्य पुण्यात असो वा परदेशात, त्याची शेती गावातील कोणीतरी ठोक्याने किंवा बटईने करतो. कुळाचा हक्क लागेल या भीतीने मालक लेखी करार टाळतो. परिणामी सोयाबीन-तुरीचा खर्च आणि जोखीम कसणाऱ्याची, पण सातबारावर नाव दुसऱ्याचे. त्यामुळे पीककर्ज, विमा व अतिवृष्टीची मदत यांपासून तो वंचित राहतो. मालक लक्ष देत नसेल तर बांधबंदिस्ती रखडते आणि सालगड्याचे कामही जाते.

पंचायतीचे कर्तव्य

सरपंच व सदस्यांनी वर्षातून एकदा चावडीवाचन घडवून आणावे. मृत खातेदारांच्या वारसनोंदी पूर्ण करून घ्याव्यात. फेरफाराची नोटीस लागताच ती ग्रामस्थांना समजावून सांगावी, म्हणजे हरकत मुदतीत घेता येईल. ई-पीक पाहणीत प्रत्यक्ष उभे पीकच नोंदले जाईल, याकडे लक्ष द्यावे. शिक्षकांनी वरच्या वर्गातील मुलांना सातबारा वाचावयास शिकवावे. विक्रीच्या कागदावर अंगठा उमटण्यापूर्वी घरात तो वाचणारे कोणी असले, तर अनेक जमिनी वाचतील.