नमुना अवकाश : एकही शक्यता सुटू नये

गणित शिकविताना आमच्या वारंवार अनुभवास आले आहे की, 'संभाव्यता' या प्रकरणात विद्यार्थी अवघड आकडेमोडीत चुकत नाहीत; ते पहिल्याच पायरीवर, म्हणजे यादी करताना चुकतात. म्हणून या स्मरणिकेच्या निमित्ताने त्या पायरीचा थोडा विचार करू.

ज्या प्रयोगात काय काय घडू शकेल हे आधी सांगता येते, पण नेमके काय घडेल हे सांगता येत नाही, त्यास यादृच्छिक प्रयोग म्हणतात. त्याचे प्रत्येक संभाव्य फलित म्हणजे निष्पत्ती आणि सर्व निष्पत्तींचा संच म्हणजे नमुना अवकाश.

समजा, वसतिगृहातील तीन मित्रांनी खोली झाडण्याची पाळी दोन नाणी उडवून ठरविली. दोन्ही छापे पडल्यास पहिला झाडील, दोन्ही काटे पडल्यास दुसरा, आणि एक छापा व एक काटा पडल्यास तिसरा. तीन मित्र, तीन शक्यता. वरवर पाहता न्याय झाला. आता एक नाणे रुपयाचे व दुसरे दोन रुपयांचे घेऊन यादी करू : (छापा, छापा), (छापा, काटा), (काटा, छापा), (काटा, काटा). निष्पत्ती चार झाल्या आणि त्यांतील दोन तिसऱ्याच्या वाट्याला आल्या! तीस दिवसांत सरासरीने दहाऐवजी पंधरा दिवस झाडू त्याच्याच हाती राहील.

(छापा, काटा) आणि (काटा, छापा) वेगळे कसे, असा प्रश्न मुले विचारतात. तेव्हा आम्ही त्यांना आपल्या कुर्डुवाडी जंक्शनवर नेतो. येथून दौंड, सोलापूर, मिरज व लातूर अशा चार दिशांना लोहमार्ग जातात. एका दिशेने येऊन दुसऱ्या दिशेने जाण्याचे ४ × ३ = १२ प्रकार होतात. लातूरकडून येऊन मिरजेकडे जाणारा आणि मिरजेकडून येऊन लातूरकडे जाणारा, या दोघांना आपण एक प्रवासी मोजत नाही. नाण्यांचेही तसेच आहे.

या पायरीवर थोर गणितीही घसरले आहेत. दोन वेळा नाणे उडविल्यास निदान एकदा छापा पडण्याची संभाव्यता किती? फ्रेंच गणिती दालंबेर यांनी १७५४ मध्ये विश्वकोशातील लेखात असा युक्तिवाद केला की, पहिल्यांदाच छापा पडला तर खेळ संपला. म्हणून शक्यता तीनच, आणि उत्तर २/३. परंतु त्या तीन शक्यता समान वजनाच्या नव्हत्या. पूर्ण यादीतील चारपैकी तीन निष्पत्तींत छापा आहे. म्हणून उत्तर ३/४.

आता मित्रांचा वाद मिटविणे सोपे आहे. नाण्यांऐवजी एक फासा घ्यावा. १, २ पडल्यास पहिला, ३, ४ पडल्यास दुसरा, ५, ६ पडल्यास तिसरा. सहा निष्पत्ती, प्रत्येकाच्या वाट्याला दोन.

पालकांनी घरी मुलांकडून दोन फाशांच्या छत्तीस निष्पत्ती क्रमाने लिहवून घ्याव्यात. बेरीज ७ सहा वेळा आणि १२ एकदाच का येते, ते मुलेच सांगतील. यादीतून एक ओळ गळाली, तर केवळ एक गुण जात नाही. कोणाच्या तरी न्याय्य वाट्याची मोजणी चुकते, एवढे आमच्या विद्यार्थ्यांनी ध्यानी ठेवावे.