मोहोर खुडणे : एका दृष्टांताचा विचार

साधकाच्या वाढीस झाडाझुडपांची उपमा देण्याची रीत फार जुनी आहे. प्रवचनात कमळ येते, निरूपणात बीज आणि अंकुर येतात. परंतु उपमा वारंवार कानी पडली म्हणून तिचा अर्थ मनात उतरला असे होत नाही. केशिराजबासांच्या दृष्टांतपाठात सूत्र, दृष्टांत आणि दार्ष्टांतिक अशी तीन अंगे आहेत. दृष्टांतातील कोणता अंश घ्यावा, याचा निर्णय दार्ष्टांतिकात होतो. फुलांच्या उपमांचे दार्ष्टांतिक आपण बहुधा करीतच नाही. फूल दिसले की वाढ झाली, एवढ्यावर आपण थांबतो.

कमळाचे पान पाण्यात राहून भिजत नाही, हे सर्व सांगतात. पानाच्या पृष्ठावर डोळ्यांस न दिसणारे उंचवटे असतात, त्यांवर मेणासारखा लेप असतो, म्हणून थेंब घरंगळून जातो. पण त्याच कमळाचा कंद चिखलात रुतलेला असतो आणि त्याचे पोषण तेथूनच होते. उपमा देणारा पान दाखवितो, कंद झाकून ठेवितो. उंबराचे याच्या उलट आहे. ज्यास आपण उंबराचे फळ म्हणतो तो मुळात फुलांचा बंद करंडाच होय. शेकडो सूक्ष्म फुले आत फुलतात आणि टोकाच्या बारीक छिद्रातून शिरणारा एक चिमुकला कीटक त्यांचे परागीभवन करितो. उंबरास फूलच नाही अशी आपली समजूत, आणि उंबर तर फुलांनीच भरलेला.

परंतु प्रस्तुत विषयास सर्वांत जवळचा दृष्टांत आंब्याच्या कलमाचा आहे. कोयीपासून वाढलेल्या आंब्यास फळ धरावयास बहुधा सात-आठ वर्षे लागतात, कित्येकदा त्याहून अधिक. कलमाचे तसे नाही. कोयीतून उगवलेले कोवळे रोप खुंट म्हणून घेतात आणि फळत्या झाडाची काडी त्यावर बांधितात. हे कलम जेमतेम कमरेएवढे झाले नाही तोच, पहिल्या-दुसऱ्या वर्षी, मोहोरू लागते. नवखा मनुष्य हरखून जातो. जाणता बागाईतदार मात्र पहिली तीन-चार वर्षे आलेला मोहोर खुडून टाकितो.

तो असे का करितो, हे नीट पाहिले पाहिजे. कलमाची काडी जुन्या झाडाची असते. त्या झाडाचा प्रौढपणा काडीबरोबर येतो, आणि मोहोर येतो तो त्या प्रौढपणामुळे. खालचे मूळ मात्र अद्याप काल-परवाचे असते. फळ धरू दिले तर पाने, खोड आणि मुळे यांकडे जावयाचा रस फळाकडे जातो आणि झाड खुरटते.

आता दार्ष्टांतिक. नव्याने अनुसरलेला साधक आचार आणि विचार ही प्रकरणे मुखोद्गत करितो. गुरूचे निरूपण त्याने वर्ष-दोन वर्षे ऐकलेले असते. एके दिवशी तो बोलू लागतो आणि वासनिक मंडळी डोलू लागतात. बोलणे खोटे नसते, मोहोरही खोटा नसतो. पण ती वाणी गुरूच्या परिपाकाची असते. त्याचे स्वतःचे मूळ अजून वितभरच गेलेले असते. अशा वेळी त्यास व्यासपीठावर बसवितात, हार घालितात, आता तर भ्रमणध्वनीवर त्याचे प्रवचन गावोगाव जाते. पुढे त्याचे पाठांतर थांबते, मग चिंतन थांबते, आणि दहा वर्षांनी तो तीच चार निरूपणे सांगत असतो. हे आपल्या आश्रमांत घडत नाही असे ज्यास म्हणावयाचे असेल त्याने म्हणावे. माझे मत तसे नाही. यात दोष त्या मुलाचा थोडा, आणि मोहोर पाहून टाळ्या पिटणाऱ्या आपणा वडीलधाऱ्यांचा अधिक.

येथे कोणी शंका घेईल, अहिंसेचे व्रत घेतलेल्याने खुडण्याचा दृष्टांत द्यावा काय? समाधान असे की, दृष्टांत एकदेशी असतो. घ्यावयाचा अंश खुडण्याचा नसून रस कोणीकडे वळतो हा आहे. दुसरी शंका अधिक वजनदार आहे. उमेदीच्या वयात साधकास बोलू दिले नाही तर त्याचा उत्साह मावळणार नाही काय? मावळेल, जर फांदीच तोडली तर. बागाईतदार मोहोर काढतो, पण पान एकही तोडीत नाही, पाणी कमी करीत नाही, उलट आळे मोठे करितो. साधकास सभेतून उठविले तर त्यास ग्रंथापाशी बसविले पाहिजे, त्याच्या शंका ऐकावयास कोणी तरी रिकामे असले पाहिजे. ते न करिता नुसते गप्प बसविणे म्हणजे खुडणे नव्हे, ती उपेक्षा होय. तसेच चौथ्या-पाचव्या वर्षानंतरही मोहोर खुडीत बसणारा मनुष्य बागाईतदार नव्हे. काही गुरुजनांस हाही रोग असतो.

मग किती वर्षे थांबावे? आंब्याची चार म्हणून साधकाचीही चार, असे गणित नाही. दृष्टांत येथेही एकदेशीच आहे. झाड फळ पेलील की नाही हे ठरविताना बागाईतदार मोहोर किती आला हे पाहत नाही. तो खोडाची जाडी पाहतो, फांद्यांचा घेर पाहतो, आणि गेल्या पावसाळ्यानंतर नवी पालवी किती फुटली ते पाहतो.