नलिनी मलानी : भिंत, चित्रफीत आणि पत्र्याची ट्रंक

'मांडणशिल्प' हा शब्द आपल्यापैकी पुष्कळांना परका वाटेल. पण गणेशोत्सवातील हलता देखावा पाहिला नाही असा विद्यार्थी आपल्या महाविद्यालयात सापडायचा नाही. पुतळे, दिवे, ध्वनिमुद्रित आवाज आणि समोर दाटीवाटीने उभे असलेले आपण! विसर्जनानंतर त्यातले काही उरत नाही. मांडणशिल्पाची जातकुळी साधारण अशीच. मात्र देखाव्याची कथा आपल्याला आधीच ठाऊक असते. येथे ती प्रेक्षकाने जुळवायची असते.

भारतात हा प्रकार रुजवणाऱ्यांत मुंबईच्या चित्रकर्त्री नलिनी मलानी यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागेल. जन्म १९४६ चा, कराचीचा. फाळणीत कुटुंब निर्वासित झाले. पुढे त्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकल्या. १९६९ मध्ये चित्रकार अकबर पदमसी यांनी आपल्या नेहरू फेलोशिपच्या पैशांतून मुंबईत 'व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप' काढले. चित्रकारांनी कॅमेरा हाताळावा, ही त्यामागची कल्पना. तेथेच मलानींनी 'ड्रीम हाउसेस' हा छोटा चित्रपट केला. इमारतींची एक लहानशी प्रतिकृती, तिच्यावर रंगीत प्रकाश, आणि एकेक चौकट स्वतंत्र टिपून साधलेली हालचाल. नव्या देशातील नव्या घरांचे ते स्वप्न होते. १९७६ मध्ये त्याच्या जोडीला त्यांनी कृष्णधवल चित्रपट ठेवला. त्यात मुंबईची झोपडपट्टी दिसते. या जोडकृतीचे नाव 'युटोपिया'. एका पडद्यावर स्वप्न, शेजारी वास्तव. भाष्य एका शब्दाचेही नाही.

१९९२ मध्ये शेमोल्ड कलादालनात त्यांनी थेट भिंतींवर चित्रे काढली आणि प्रदर्शन संपताच ती पुसली गेली. विकत घेता येईल असे काही मागे ठेवायचेच नाही, हे धाडस मला फार मोठे वाटते.

पण खरी मोठी कृती १९९८ ची, 'रिमेंबरिंग टोबा टेक सिंग'. त्या वर्षी मे महिन्यात भारत आणि पाकिस्तान दोघांनीही अणुचाचण्या केल्या. फाळणीनंतर वेड्यांचीही वाटणी झाली, या मंटोंच्या कथेचा आधार मलानींनी घेतला. जमिनीवर पत्र्याच्या ट्रंका, ट्रंकांच्या आत दूरचित्रवाणी संच, त्यांवर विस्थापितांची दृश्ये. भिंतींवर अणुस्फोट. समोरासमोरच्या भिंतींवरील दोन स्त्रिया एकाच साडीची घडी घालू पाहतात, आणि मधली जागा काही ओलांडली जात नाही. ट्रंकेचा अर्थ आम्हांला कोणी समजावून द्यायला नको. माझे आजोबा मागावर काम करायला माधवनगरला आले ते अशीच ट्रंक घेऊन. ती अजून घरात आहे. ही कला अवघड आहे, असे म्हणणाऱ्यांनी याचा विचार करावा.

एक आक्षेप मात्र नोंदवतो. २०१७ मध्ये पॅरिसच्या पाँपिदू केंद्रात मलानींचे मोठे प्रदर्शन झाले, २०२३ मध्ये जपानचा क्योटो पुरस्कार मिळाला. पण आमच्यासारख्यांना या कृती मोबाइलवरच पाहाव्या लागतात. तेथे ट्रंकांमधून चालता येत नाही आणि दोन भिंतींच्या मध्ये उभेही राहता येत नाही, म्हणजे अर्धी कृती गेलीच. १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी ज्या सांगलीत नाटक उभे केले, तेथे एवढे अशक्य नसावे. आपल्या कलामंडळाने एखादा रिकामा वर्ग आणि प्रोजेक्टर मिळवावा. जुन्या ट्रंका माधवनगरात हव्या तेवढ्या मिळतील.